वडिलांचा विरोध

३ एप्रिल, बुधवार

केर काहीच बोलले नाहीत. हेच मला खटकलं!

माझ्या पाळक नवऱ्याने, पद्माकरने, काल सभेत सांगून टाकलं — कौन्सिलच्या निवडणुकीला उभा राहतोय, अपक्ष. चर्चचा कारभार बघणारे सातही वडील हजर होते. इथे त्यांना एल्डर म्हणतात. मिरजेच्या मंडळीत वडील म्हणायचे, मी अजून तेच म्हणते. सहा जण काही ना काही बोलले. एकाने तर सरळ ऐकवलं, रेव्हरंड लोकांनी राजकारण करून या आयर्लंड बेटाचं आधीच पुष्कळ भलं केलंय, आता पुरे. ते मला आवडलं. तोंडावर बोलला माणूस. पण रॉबर्ट केर — सभेचे सेक्रेटरी, जन्मापासून त्याच एका बाकावर बसणारे — ते नुसते वहीत लिहीत राहिले. निघताना पद्माकरचा हात धरून म्हणाले, "आम्ही मूठभर प्रेसबिटेरियन या कॅथलिक गावात शंभर वर्षं मान खाली घालून राहिलोय, रेव्हरंड." आणि गेले. धमकी की काळजी, ते पद्माकरला कळलं नाही म्हणे. मला कळलं.

आणि हे सगळं कशासाठी? एका फूटपाथसाठी! नव्या इस्टेटीपासून, म्हणजे घरांच्या वसाहतीपासून, शाळेपर्यंत फूटपाथ नाही. बाया प्रॅम ढकलत ट्रकच्या कडेकडेने जातात. पद्माकरने कौन्सिलला एकोणीस पत्रं लिहिली. विसावं लिहिण्यापेक्षा आत जाऊनच बसतो म्हणाला.

आठ वर्षांपूर्वी ड्रोहेडाच्या हॉस्पिटलने मला नर्स म्हणून बोलावलं. मला! पद्माकर माझा डिपेंडंट म्हणून आला. पंधरा वर्षं पाळक असलेला माणूस इथे नर्सिंग होममध्ये म्हाताऱ्यांना आंघोळी घालत होता, आणि खूश होता. मग या लोकांनी तपासून, पारखून, परीक्षा घेऊन त्याला पुन्हा पाळक केला. या घरात येऊन दोन वर्षं होतायत. पडदे आत्ता कुठे मापात बसलेत.

बुधवार, म्हणून प्रार्थना-साखळीत विनंती टाकली. आम्ही अकरा जणी आहोत त्या ग्रुपवर, आयर्लंडभर पसरलेल्या मराठी ख्रिस्ती बायका, बहुतेक नर्सा. तीन विषय लिहिले. वडिलांचा विरोध आहे, त्यांचं मन वळावं. पद्माकरचा आवाज बसलाय, घसा सुधारावा. ट्रलीहून अलकनंदाने लगेच जोडलेले हात पाठवले. तिचा नंबर नेहमी पहिला.

६ एप्रिल, शनिवार

मकरंद नावाचा एक जण आजपासून घरी यायला लागलाय. सॉफ्टवेअरवाला, मूळ नागपूरचा, त्याच नव्या इस्टेटीत राहतो. महाराष्ट्र मंडळाच्या गणपतीचा कार्यकर्ता. लॅपटॉपवर सगळ्या गल्ल्यांचा नकाशा, कोणत्या घरी कोण, कुठलं दार ठोठावून झालं, सगळं रंग लावून ठेवलंय.

"वहिनी, चहा फक्कड!" दोनदा म्हणाला. एकदा पुरे होतं.

मी पद्माकरला विचारलं, हिंदू माणूस पाळकासाठी दारोदार का हिंडेल? ह्याला काय मिळणार? मिरजेत आमच्या गल्लीवरून जाताना 'मिशनवाले' म्हणून नाक मुरडायचे ते याचेच भाऊबंद ना? पद्माकर म्हणाला, "लता, फूटपाथ त्याच्याही घरापुढे नाहीये."

याला सगळं इतकं सोपं कसं वाटतं?

११ एप्रिल, गुरुवार

समोरच्या घरातला माणूस आज दोनदा आमच्या गेटचा फोटो काढत होता. आमची लेक तन्वी — इथल्या पोरांसारखी आईला मॅम म्हणते — म्हणाली, "मॅम, वुड यू स्टॉप! ही इज टेकिंग अ फोटो ऑफ हिज डॉग." कुत्रा होता खरा. तरी पण.

१७ एप्रिल, बुधवार

तक्रार गेली! वर, प्रेसबिटरीकडे — या भागातल्या सगळ्या मंडळ्यांची ती मोठी सभा. आमच्याच चर्चमधल्या कुणीतरी पत्र लिहिलंय. नाव गुप्त. पद्माकरला नक्कल दिली त्यांनी.

सिंकपाशी उभं राहून त्याने वाचून दाखवलं. मी भांडी घासत होते. इंग्लिश अगदी सभ्य, एक शब्द वावगा नाही. रेव्हरंड मधाळे यांच्याबद्दल आदर आहे वगैरे वगैरे. पण — पहिला मुद्दा, त्यांच्या स्वतःच्या वडिलांनी, 'हिज ओन फादर', विरोध केला आहे आणि तरी ते ऐकत नाहीत. दुसरा मुद्दा, प्रकृती ढासळत आहे, आवाज जात चालला आहे, अशाने मंडळीचं काम कसं होणार. मग त्याने कागदाची घडी घातली.

"एवढंच?"

"एवढंच."

मला हसूच फुटलं. दादांचा विरोध! माझे सासरे जाऊन पंचवीस वर्षं झाली. मिरजेच्या दफनभूमीत शांत पडलेला माणूस ड्रोहेडाच्या निवडणुकीत कसा उतरला? पद्माकर हसला नाही. तो माझ्याकडे बघत होता. मग म्हणाला, "तीस तारखेला निर्णय आहे. नाही म्हणाले तर चर्च किंवा निवडणूक, दोन्हींतलं एक."

आणि घर चर्चचं. म्हणजे पुन्हा खोकी भरा. अकरावी खेप. तन्वीची लीव्हिंग सर्ट, इथली बारावी, पुढच्या वर्षी.

साखळीत काही लिहिलं नाही आज. बायकांना काय सांगू — पितर उठलेत?

१९ एप्रिल, शुक्रवार

पत्र सापडत नाही. पद्माकर आजारी माणसांना भेटायला गेला तेव्हा सगळं घर पालथं घातलं. टेबलाचे खण, बायबलची पिशवी, कोटाचे खिसे. हॉट प्रेस, ते गरम पाण्याच्या टाकीचं कपाट, उघडून टॉवेलांच्या मागेसुद्धा हात घालून बघितला. नाही!

हा माणूस आयुष्यात कधी कागद लपवत नाही. सगळ्या घरभर त्याचे कागद लोळत असतात. मग हाच का लपवला? अक्षर ओळखीचं होतं? पण टाइप केलेलं होतं, मी लांबून बघितलं. म्हणजे कुणाला तरी पाठीशी घालतोय. कुणाला?

केरांवर संशय आहेच. पण दादांचं नाव केर कुठून आणतील? त्यांना पद्माकरला आई होती की नाही हेसुद्धा माहीत नसेल.

२३ एप्रिल, मंगळवार

माणूस सापडला!

सकाळी वॉर्डात नवी मुलगी, केरळची, दुसराच आठवडा तिचा. सहा नंबरच्या आजी तिला म्हणाल्या, "इज फादर कमिंग?" ही बिचारी फाइल उघडून आजींच्या वडिलांचा फोन नंबर शोधतेय! नव्वद वर्षांच्या बाईचे वडील! मी म्हटलं, अगं बाई, फादर म्हणजे प्रीस्ट. सगळा वॉर्ड हसला. आणि मी हसता हसता औषधांची ट्रॉली धरून तिथेच थांबले.

वडील!

आमच्या घरात गेले तीन आठवडे दुसरा विषय नाही. वडिलांचा विरोध, वडील ऐकणार नाहीत, वडिलांना कसं समजवायचं. म्हणजे केर आणि मंडळी. पण हे कळायला माणूस आमच्यातला हवा. बाहेरचा मराठी माणूस 'वडील' ऐकेल तर त्याला बाप दिसेल, दुसरं काय दिसणार! म्हणजे पत्रातली माहिती अशा माणसाने पुरवली की ज्याला मराठी येतं, पण चर्चमधलं मराठी येत नाही. आणि जो माझ्या स्वयंपाकघरात बसून सगळं ऐकतो.

असा माणूस या गावात एकच आहे, आणि तो रोज संध्याकाळी फक्कड चहा पितो.

२५ एप्रिल, गुरुवार

आज विचारलंच. पद्माकर दारं ठोठावायला गेला होता, तन्वी कमोगीच्या, त्या काठी-चेंडूच्या खेळाच्या, प्रॅक्टिसला. मकरंद टेबलाशी एकटा. मी चहा ठेवला. बिस्किटं ठेवली नाहीत.

"मकरंद, वडील म्हणजे काय रे?"

"म्हणजे?"

"शब्दाचा अर्थ विचारतेय. वडील म्हणजे कोण?"

"बाबा," तो म्हणाला. "का हो वहिनी, बरं वाटत नाहीये का?"

झालं! मी बोलत सुटले. पत्र, दादा, प्रेसबिटरी, सगळं. तुला कुणी पाठवलं, केरांशी तुझी ओळख कशी, हेही विचारलं. पहिल्यांदा त्याला काही समजेना. मग समजलं. चेहरा असा पडला त्याचा!

म्हणाला, "वहिनी, आमच्या मंडळाच्या ग्रुपवर मी तीन आठवडे भांडतोय. लोक म्हणतात, पास्टरला मत म्हणजे उद्या घरात बायबल. मी सांगतो, अरे, हा माणूस माझ्या घरी चार वेळा आला, फूटपाथ सोडून दुसरं काही बोलला नाही. दोघांनी ब्लॉक केलंय मला. एक तर कॉलेजपासूनचा मित्र. आणि इथे तुम्ही —"

त्याने लॅपटॉप मिटला. स्वतःचा कप स्वतः विसळून पालथा घातला आणि गेला.

मी बरोबर होते. माझं चुकलेलं नाही. तरी तो पालथा कप रात्रीपर्यंत उचलला नाही.

२६ एप्रिल, शुक्रवार

मकरंद आला नाही. पद्माकरने दोनदा विचारलं. मी म्हटलं, काम असेल त्याला.

३० एप्रिल, मंगळवार

परवानगी मिळाली. बेलफास्टकडून आलेले एक म्हातारे रेव्हरंड म्हणाले म्हणे की दफन झालेल्या माणसाच्या विरोधाला सभा किती वजन देणार! पण अटी आहेत. एकही उपासना चुकता कामा नये. रविवारी निवडणुकीचं काही करायचं नाही, मतमोजणी रविवारी असली तरी जायचं नाही. निवडून आला तर एक वर्ष, मग बघू.

पद्माकर आनंदात. येताना चिप्स घेऊन आला. मला म्हणाला, "तुला बरं वाटलं ना?"

वाटलं की! का नाही वाटणार? असं का विचारलं त्याने?

८ मे, बुधवार

आजपासून पोस्टर लावायला परवानगी. मकरंद नाही, म्हणून पद्माकर आणि तन्वीच शिडी घेऊन हिंडले. आता हॉस्पिटलपर्यंतच्या रस्त्यावर खांबाखांबाला माझा नवरा टांगलेला आहे. चौतीस वेळा हसतोय. बसमध्ये एक बाई दुसरीला म्हणाली, "युअर मॅन हॅज अ काइंड फेस." इथे कुणाही पुरुषाला युअर मॅन म्हणतात. मी पुढे बघत बसले. माझा कोणी नाही असं.

एक गोष्ट लिहूनच टाकते, कुणाला सांगितलेली नाही. तन्वी दीड वर्षाची होती. गावाचं नाव लिहीत नाही. रविवारची उपासना झाली होती आणि घरासमोर शंभर-दीडशे माणसं येऊन उभी राहिली. पद्माकरचं नाव घेऊन ओरडत होती. याने दार उघडलं आणि म्हणाला, "या, बसा, पाणी घ्या." दोघं आत आले, पाणी प्यायले, बाकीचे बडबडत निघून गेले. हा ती गोष्ट उपदेशात सांगतो. इथेही सांगितली, लोक केवढे हसले! मी आतल्या दाराआड तन्वीच्या तोंडावर हात दाबून उभी होते. ओठ निळे पडले होते पोरीचे. हे तो सांगत नाही. त्याला माहीतच नाही.

लोकांना वाटतं मी आयर्लंडला पगारासाठी आले. मी आले कारण इथे आमचं आडनाव कुणाला धड उच्चारता येत नाही. मला ते फार बरं वाटायचं. आणि आता हा चौतीस खांबांवर.

साखळीत लिहिलं. नेहमीचंच.

१२ मे, रविवार

उपासनेनंतर चहा. केरांची बायको, हेझल, जवळ आली, माझा हात दोन्ही हातांत घेतला आणि म्हणाली, "आणि पद्माकरचे वडील कसे आहेत आता, गॉड लव्ह हिम? आम्ही रोज त्यांच्यासाठी प्रार्थना करतो."

मी कप बाजूला ठेवला.

मी विचारलं, तुम्हाला कुणी सांगितलं? म्हणाली, अगं, माझी बहीण ट्रलीला असते ना, त्यांच्या चर्चच्या प्रेअर चेनवर असतं, ती दर बुधवारी मला पाठवते. आपण प्रेसबिटेरियन या बाजूला मूठभर, सगळं सगळ्यांपर्यंत पोचतंच. वडिलांचं वाचून रॉबर्टची झोप उडाली. त्याला लिहिणं भागच होतं, तू मनाला लावून घेऊ नकोस. तुझ्याही मनातलं आम्हाला ठाऊक आहे, बाळ. असं काहीबाही बोलत होती. मी कोट घेतला आणि निघाले.

ट्रली. ट्रलीला माझ्या ओळखीची एकच बाई आहे.

१३ मे, सोमवार

अलकनंदाला फोन केला. फोन उचलल्या उचलल्या ओरडली, "स्नेहलता, तुझ्यासाठी आमची आख्खी केरी काउंटी गुडघ्यावर आहे!"

तिला वाटलं मी आभार मानायला फोन केलाय. दर बुधवारी माझी विनंती ती तिच्या तिथल्या चर्चच्या साखळीत टाकते. इंग्लिशमध्ये. "माझं इंग्लिश तुला माहितीच आहे गं, फोनच करतो सगळं. इकडून मराठी घातलं की तिकडून इंग्लिश बाहेर. मी बघतसुद्धा नाही. शब्द न् शब्द पाठवते हं, काही गाळत नाही."

काही गाळत नाही!

पाठव म्हटलं मला एकदा. पाठवलं. पहिलीच ओळ — त्याचे वडील विरोधात आहेत. फोनला काय माहीत मिरजेच्या मंडळीतले वडील! केरांनी स्वतःच्याच विरोधाची बातमी फिरून आलेली वाचली, आणि घाबरून नसलेल्याच म्हाताऱ्याच्या बाजूने पत्र लिहिलं! कुणाला सांगितलं तर हसून लोळेल. मला रडू आलं.

मीच. समोरचा कुत्रेवाला नाही, केर नाहीत. मकरंद नाही. मीच.

अलकनंदाला काही बोलले नाही. ती विचारत होती, पुढच्या बुधवारी काय मागायचं?

१४ मे, मंगळवार

पद्माकरला सांगितलं. वडिलांचं सांगितलं, घशाचं सांगितलं. साखळी कुठून कुठे गेली ते सांगितलं. आणि मकरंदला मी काय बोलले तेही. तो गॅरेजमध्ये शिडी पुसत होता.

"हं," म्हणाला.

एवढंच! ना 'अरे बापरे', ना 'काय सांगतेस'. शिडी पुसून झाल्यावर म्हणाला, "मग मकरंदकडे जाऊन ये."

मी म्हटलं, ते पत्र दे बघू मला. म्हणाला, फाडून टाकलं.

त्याला नवल कसं वाटलं नाही? मला तर अजून वाटतंय.

१६ मे, गुरुवार

गेले. मकरंदने दार उघडलं. आत त्याची बायको अपूर्वा कुकर लावत होती, शिट्टी ऐकू आली. तो दारातच उभा राहिला. 'या' म्हणाला नाही. आपल्याकडे दारावर काही विकायला आलेल्यालाही पाणी विचारतात.

मी म्हटलं, "चुकलं माझं, मकरंद. माझ्याच तोंडून सगळं गेलं आणि मी तुझ्यावर घेतलं."

"इट्स ग्रँड, वहिनी." म्हणजे इथल्या भाषेत, असू दे.

"मराठीत म्हण की रे."

त्याने पायातली चप्पल नीट केली. "मराठीत म्हणायला वेळ लागेल," म्हणाला.

बरोबर आहे त्याचं. त्या इस्टेटीतून शाळेपर्यंत चालत आले, फूटपाथ खरंच नाही. एक ट्रक इतक्या जवळून गेला की माझी ओढणी उडाली.

२५ मे, शनिवार

कुणीतरी शाळेजवळच्या पोस्टरवर पद्माकरचे डोळे काळे केले. खाली लिहिलंय, गो होम. तन्वीने फोटो दाखवला. तेच ते. मला माहीत होतं! मी म्हणत नव्हते?

पद्माकर म्हणाला, "घरीच चाललोय, दोन गल्ल्या राहिल्यात." आणि स्वतःच हसला. मी ताट तसंच ठेवून उठले. तन्वी म्हणाली, "डॅड, नॉट फनी."

२७ मे, सोमवार

ड्युटीवरून येताना बघितलं, शाळेजवळ शिडीवर कोणीतरी उभं. म्हटलं, आता काय फासतायत! रस्ता ओलांडून तरातरा गेले. रॉबर्ट केर! चौऱ्याहत्तर वर्षांचा माणूस, तोंडात केबल टाय धरून नवं पोस्टर बांधत होता. खाली हेझल शिडी धरून.

मला बघून म्हणाले, "मी त्याला मत देणार नाहीये, मिसेस मधाळे. पण हे मी चालू देणार नाही."

मी शिडीची दुसरी बाजू धरली.

५ जून, बुधवार

शेवटची बुधवारची विनंती टाकली. अलकनंदाला वेगळा मेसेज केला की यापुढे माझं काही पुढे पाठवू नकोस. तिला वाईट वाटलं असणार. जोडलेले हात आले नाहीत.

७ जून, शुक्रवार

मतदान. शाळेच्या हॉलमध्ये. इथे एका भागातून बरेच जण निवडून येतात, शिक्का नसतो, नावांपुढे पसंतीचे आकडे घालायचे, एक, दोन, तीन, हवे तेवढे. लांबलचक कागद, चौदा नावं, चौदा चेहरे. पेन्सिल दोरीने बांधलेली. पद्माकर खालून पाचवा, हसतोय.

किती वेळ उभी होते कोण जाणे. बाहेर आल्यावर तन्वी म्हणाली, "वॉट वेअर यू ॲट, मॅम? रायटिंग अ नॉव्हेल?"

काय लिहिलं ते त्या पेटीला ठाऊक.

९ जून, रविवार

मोजणी कालपासून चालू आहे. अटीप्रमाणे पद्माकर आज गेला नाही. दिवसभर फोनही बघितला नाही. काल तिथे जाऊन आला तेव्हा सांगत होता, कठड्यापाशी मकरंद उभा होता, हातात पॅड आणि पेन्सिल, एकेक मत टिपत. कुणी बोलावलं नव्हतं. पलीकडच्या सगळ्या गल्ल्या त्याने एकट्याने दारं ठोठावून केल्या होत्या म्हणे, आमच्या घरी पाय न ठेवता.

संध्याकाळची उपासना. वीसेक माणसं. पद्माकर उपदेश करत होता, आवाज अजून फाटलेला. माझ्या पर्समध्ये फोन थरथरला. बघू नये, पण बघितला. मकरंदचा मेसेज. पद्माकरला नाही, मला पाठवला होता. मराठीत.

'वहिनी, पद्माकरदादा निवडून आले. शेवटची जागा, नववी फेरी. उपासना झाली की सांगा त्यांना. तुमचं अभिनंदन.'

समोर हा उभा. त्याला माहीत नाही, आणि मला माहीत आहे. पंधरा मिनिटं मी ते घेऊन बसले. आणि मला रडू फुटलं. थांबेचना! हेझलने मागून रुमाल दिला, खांद्यावर थोपटलं. केर वाकून बघत होते. बातमी कळल्यावर सगळ्यांना वाटलं मी आनंदाने रडत होते.

शेवटचं गीत झालं. दारापाशी मी त्याला सांगितलं. त्याने डोळे मिटले. मग पहिल्यांदा केरांचा हात हातात घेतला.

१० जून, सोमवार

आज चहा पद्माकरने केला. माझा कप पुढ्यात ठेवला आणि म्हणाला, "लता, या खेपेला त्यानं तुझं ऐकलं नाही गं."

पत्रात माझ्याबद्दलचा तिसरा मुद्दाही होता. त्याने मला दोनच वाचून दाखवले होते. 'प्रभू, पद्माकर हरू दे' — दर बुधवारी तिसरा विषय हाच लिहिला मी, आणि या वहीत लिहायची लाज वाटली. एप्रिलपासून त्याला माहीत होतं. तरी रोज सकाळी माझ्याशेजारी बसून माझ्या प्रार्थनेला आमेन म्हणत होता.

मी मान वर केली नाही. त्याने विचारलं, "कशाची भीती वाटते तुला?" चोवीस वर्षांत पहिल्यांदा विचारलं. मी म्हटलं, "बस. सांगते."